‘अर्ज निरर्थक झाल्याने निकाली’ : जप्तीवरील हरकतींबाबत उच्च न्यायालयास खुले पत्र

प्रति,
मा. मुख्य न्यायमूर्ती, मुंबई उच्च न्यायालय, मुंबई
आणि
मा. न्यायमूर्ती, कोल्हापूर सर्किट बेंच

विषय : जप्तीच्या हुकुमांविरुद्धच्या हरकती निर्णय न होताच निरर्थक ठरण्याबाबत.

महोदय,

सविनय नमस्कार विनंती विशेष.

रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग जिल्ह्यांतील दिवाणी न्यायालयांत मी कनिष्ठ लिपिक म्हणून लागलो, काही वर्षे नाझर (समन्स-वॉरंटांची बजावणी पाहणारा कर्मचारी) होतो आणि सहायक अधीक्षक म्हणून निवृत्त झालो. मी वकील नाही. तरीही जप्तीचे वॉरंट बेलिफाच्या हाती देण्यापासून ते जप्ती उठल्याची नोंद घेण्यापर्यंतचे सगळे कागद माझ्या टेबलावरून गेलेले आहेत, आणि त्या कागदांत एक वाक्य मी रोजनाम्यात (प्रकरणाच्या तारीखवार नोंदींत) इतक्या वेळा लिहिले की पुढे पुढे ते न वाचताच हातून उतरत असे : ‘अर्ज निरर्थक झाल्याने निकाली काढण्यात येत आहे.’ हे पत्र त्या एका वाक्याबद्दल आहे.

ते वाक्य बेकायदेशीर नाही, हे आधीच मान्य करतो. जप्तीला हरकत घेतली आणि तिचा निर्णय होण्याआधीच जप्ती उठली, किंवा मालमत्ता लिलावात गेली, किंवा तात्पुरत्या हुकुमाच्या जागी पक्का हुकूम आला, तर न्यायालयाने ठरवायचे असे समोर काही राहत नाही, आणि न्यायालय ही केवळ शास्त्रार्थ करण्याची जागा नव्हे. सर्वोच्च न्यायालयाने २००४ साली शिपिंग कॉर्पोरेशन विरुद्ध मचाडो ब्रदर्स या प्रकरणात, नंतरच्या घटनांमुळे निरर्थक झालेला दावा उगाच चालू ठेवू नये, दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम १५१ मधील अंगभूत अधिकार वापरून तो निकाली काढावा, असे सांगितलेच आहे. माझी तक्रार त्या तत्त्वाबद्दल नाही. जप्तीच्या प्रकरणात ‘आता काही उरले नाही’ असे आपण म्हणतो तेव्हा हुकूम उरला आहे का एवढेच पाहतो, त्या हुकुमाने जे मोडले ते पाहायचे राहून जाते. आणि आमच्या किनाऱ्यावर हुकूम उठेपर्यंत बहुधा ती वस्तूच मोडीत निघालेली असते.

एक प्रकरण सांगतो. गाव, न्यायालय आणि पक्षकार यांची नावे मुद्दाम देत नाही. दक्षिण कोकणातल्या एका बंदरावरच्या नौकामालकाने जिल्ह्याबाहेरच्या व्यापाऱ्याकडून उधारीवर इंजिन घेतले होते. इंजिनात दोष निघाला असे म्हणून त्याने शेवटचे हप्ते थांबवले. व्यापाऱ्याने साडेचार लाखांच्या वसुलीचा दावा लावला आणि दाव्यासोबतच निकालपूर्व जप्तीचा अर्ज दिला. प्रतिवादी नौका विकून परागंदा होण्याच्या बेतात आहे, असे प्रतिज्ञापत्र त्याला जोडलेले होते. हुकूम त्याच दिवशी, एकतर्फी झाला. नारळी पौर्णिमा होऊन पंधरवडा उलटला होता, गणपती चार दिवसांवर आले होते. वॉरंटावर शिक्का मारून मीच ते बेलिफाकडे दिले. त्याने दोन पंचांसमक्ष पंचनामा केला, हुकुमाची प्रत केबिनच्या दारावर डकवली, आणि समुद्राच्या वाऱ्याने ती सुटू लागली तेव्हा एका खलाशानेच चार खिळे आणून ती ठोकून दिली. हे बेलिफाने परत आल्यावर मला सांगितले आणि आम्ही दोघे हसलो होतो. नौका मालकाच्याच सुपूर्द केली, आणि न्यायालयाच्या परवानगीशिवाय ती बंदरातून हलवणार नाही असा सुपूर्दनामा त्याच्याकडून लिहून घेतला.

गणपती होताच मालकाच्या वकिलांनी जप्ती उठवण्याचा अर्ज दिला. त्यातला मुद्दा एका परिच्छेदात मावणारा होता. संहितेच्या आदेश ३८ नियम ५ प्रमाणे न्यायालयाने आधी प्रतिवादीला जामीन द्या, नाहीतर जप्ती का करू नये याचे कारण दाखवा, असे सांगायला हवे. त्याबरोबर सशर्त जप्ती करता येते, पण ही पायरी गाळून केलेली जप्ती शून्यवत ठरते, असे त्याच नियमाचा उपनियम ४ म्हणतो. इथे ती पायरी गाळली गेली होती. कागद समोर होता, तो वाचायला दहा मिनिटे पुरली असती.

पहिल्या तारखेला वादीचे म्हणणे, म्हणजे अर्जाला लेखी उत्तर, आले नाही. दुसऱ्या तारखेला वादीच्या वकिलांचा मुदतीचा अर्ज आला, तोही मंजूर झाला. मग दिवाळीची सुट्टी लागली. त्यानंतर न्यायाधीशांकडे शेजारच्या तालुक्याचा अतिरिक्त कार्यभार आला आणि आमच्याकडे ते आठवड्यातून दोनच दिवस बसू लागले. फेब्रुवारीत युक्तिवाद सुरू झाला, अर्धा झाला. पुढे उन्हाळी सुट्टी आणि बदल्या, आणि नव्या न्यायाधीशांपुढे सगळे पुन्हा पहिल्यापासून. यात कोणाचा दुष्टावा नव्हता. एकेका तारखेला कारण होते, आणि ते कारण खरे होते.

पण मासेमारीचा हंगाम ऑगस्टपासून मेअखेरपर्यंतचा. १ जून ते ३१ जुलै बंदी. म्हणजे हरकतीचा निर्णय न होता एक पूर्ण हंगाम गेला. लाकडी नौका धंद्यावर जात-येत असते तोवरच नीट राहते. ती नुसती पाण्यात उभी राहिली की तळाला शेवाळ आणि शिंपले धरतात, वाळूवर ओढून ठेवली तर उन्हाने फळ्या आकसतात आणि सांधे उघडतात. इंजिन न फिरवता खाऱ्या हवेत ठेवले तर गंजते. जाळी उंदरांनी कुरतडली. सात खलाशी होते, ते दिवाळीपर्यंत वाट पाहून दुसऱ्यांच्या नौकांवर गेले. पावसाआधी नौका झावळांनी शाकारावी लागते, तेवढ्यासाठी ती हलवण्याची परवानगी मागणारा आणखी एक अर्ज आला होता. त्यावरही म्हणणे मागवले गेले.

पुढच्या हंगामाच्या तोंडावर प्रकरण लोकअदालतीत ठेवले गेले. मालकाने बायकोचे दागिने मोडून तीन लाख भरले, तडजोड झाली, आणि पुरसीस (पक्षकारांचे तसे लेखी निवेदन) आली. तिच्यात नेहमीचे वाक्य होते : उभय पक्षकारांची परस्परांविरुद्ध कोणतीही तक्रार अगर मागणी राहिलेली नाही. दावा निकाली, जप्ती रद्द, आणि मूळ हरकतीच्या अर्जावर माझ्या हातचे तेच वाक्य. आठवड्याने मालक नकलेसाठी माझ्या टेबलाशी आला. नक्कल उलटीपालटी करून पाहिली आणि म्हणाला, “भाऊसाहेब, जप्ती बरोबर होती की चुकीची, ह्यां माका कोणीच सांगूक नाय.”

त्याला देण्यासारखे उत्तर माझ्याकडे नव्हते. आज आहे, आणि ते कायद्याच्या पुस्तकातलेच आहे, म्हणून हे पत्र लिहीत आहे.

निकालपूर्व जप्तीचा अधिकार हा कडक आणि अपवादात्मक अधिकार आहे, तो यांत्रिकपणे वापरू नये, आणि विनातारण कर्जाचे तारणी कर्ज करून घेण्यासाठी तर मुळीच वापरू देऊ नये, असे सर्वोच्च न्यायालयाने २००७ साली रामन टेक विरुद्ध सोळंकी ट्रेडर्स या निकालात सांगितले आहे. व्यवहारात घडते ते नेमके हेच. ज्याचे पोट एका वस्तूवर चालते, त्याची ती वस्तू अडकवली की तो खटला लढत बसत नाही, पैसे भरून मोकळा होतो. त्याने पैसे भरले की जप्ती उठते, जप्ती उठली की हरकत निरर्थक होते, आणि जप्ती मागणाऱ्याचे प्रतिज्ञापत्र खरे होते की खोटे हे तपासण्याची वेळच कधी येत नाही. त्यामुळे जितकी जप्ती जाचक, तितकी तिच्यावरची हरकत लवकर निरर्थक होते. या उलट्या न्यायाकडे आपले लक्ष वेधावे, एवढाच या पत्राचा हेतू आहे.

नुकसानभरपाईची वाट कायद्यात नाही असे नाही. अपुऱ्या कारणांवर जप्ती मिळवली असेल तर संहितेच्या कलम ९५ खाली न्यायालय प्रतिवादीला भरपाई देऊ शकते. खर्चाची, नुकसानीची, अब्रूला लागलेल्या धक्क्याचीसुद्धा. पूर्वी तिची मर्यादा १,००० रुपये होती, १९९९ च्या सुधारणेने ती ५०,००० रुपये झाली. माझ्या सगळ्या नोकरीत या कलमाखालचे अर्ज मी एका हाताच्या बोटांवर मोजण्याइतके पाहिले. कारण उघड आहे. हरकतीवर ‘जप्ती चुकीची होती’ असा निष्कर्ष आला तर त्याच्या आधाराने भरपाई मागता येईल, पण हरकत निरर्थक म्हणून बंद झाली की तो निष्कर्ष हाती येत नाही, आणि सगळा पुरावा नव्याने उभा करण्याची ताकद त्या माणसात उरलेली नसते. कलम १४४ चेही तसेच. हुकूम वरच्या न्यायालयात फिरला किंवा रद्द झाला तर गेलेले परत मिळवण्याची सोय ते कलम करते; पण निरर्थक ठरलेल्या अर्जात हुकूम ना फिरतो ना रद्द होतो, तो आपसूक संपतो. म्हणून पूर्ववत काही करायचे तर त्यालाही आधार राहत नाही.

नाशवंत वस्तूचे भान आपल्या संहितेला नाही असेही म्हणता येत नाही, आणि मला खटकते ते इथेच. आदेश २१ नियम ४३ वाचावा : जप्त केलेला जंगम माल लवकर आणि निसर्गतःच नासणारा असेल, किंवा तो सांभाळण्याचा खर्च त्याच्या किमतीपेक्षा जास्त होणार असेल, तर जप्त करणारा अधिकारी तो ताबडतोब विकू शकतो. नियम ४५ सांगतो की साठवून ठेवता न येणारे उभे पीक कापणी-काढणीला वीस दिवसांहून कमी अवधी उरला असताना जप्त करू नये. आदेश ३८ नियम १२ तर शेतकऱ्याच्या ताब्यातला शेतमाल निकालपूर्व जप्त करण्याला मुळातच मनाई करतो. हे नियम करणाऱ्यांना शेत आणि बाजार दोन्ही माहीत होते. त्यांनी नाशवंत माल ताबडतोब विकण्याची सोय केली, मात्र अशा मालावरची हरकत ताबडतोब ऐकण्याची सोय केली नाही. बेलिफाला जी घाई करता येते ती न्यायालयाला करता येत नाही, असा याचा अर्थ होतो.

आता दरखास्तीकडे, म्हणजे हुकूमनाम्याची (दाव्यातल्या निकालाची) अंमलबजावणी करून घेण्याच्या अर्जाकडे, वळतो. २०२१ साली राहुल शाह विरुद्ध जिनेंद्र कुमार गांधी या निकालात सर्वोच्च न्यायालयाने हुकूमनाम्याची दरखास्त दाखल झाल्यापासून सहा महिन्यांत पूर्ण करावी, उशीर झाल्यास कारणे लेखी नोंदवावीत, असा आदेश दिला. मार्च २०२५ मध्ये पेरियम्मल प्रकरणात देशभरातल्या उच्च न्यायालयांना प्रलंबित दरखास्तींची माहिती मागवून त्या सहा महिन्यांत निकाली काढण्याची व्यवस्था करण्यास सांगितले. त्यात गैर काही नाही. हुकूमनामा हातात घेऊन पंधरा-पंधरा वर्षे खेटे घालणारी माणसेही मी पाहिली आहेत, आणि भारतात पक्षकाराच्या अडचणी हुकूमनामा मिळाल्यावर सुरू होतात हे तर प्रिव्ही कौन्सिलने १८७२ सालीच लिहून ठेवले आहे. पण दरखास्तीला सहा महिन्यांचा काटा लावला आणि तिच्यातल्या हरकतीला काहीच लावला नाही, तर दरखास्त पुढे पळते आणि हरकत मागे राहते. मागे राहिलेल्या हरकतीचे काय होते ते आपण जाणताच.

कोकणात याला आणखी एक पदर आहे. इथली जमीन बहुधा सामाईक असते. एकाच सातबाऱ्यावर चार भाऊ, दोन बहिणी, एखादी काकी. घर गावात, माणसे मुंबईत. संहिता सांगते की स्थावर जप्तीचा हुकूम मिळकतीवर किंवा जवळपास दवंडी पिटून अथवा तिथल्या रूढ पद्धतीने जाहीर करावा आणि मिळकतीच्या ठळक जागी डकवावा. त्याप्रमाणे तो डकवला जातो, पण ते दार सहा महिने बंद असते. एका प्रकरणात धाकट्या भावाने कोणाला तरी जामीन राहून ओढवून घेतलेल्या हुकूमनाम्यापोटी सगळी आंब्याच्या कलमांची बाग जप्त झाली. थोरला भाऊ शिमग्याला पालखीसाठी गावी आला तेव्हा त्याने दारावरचा कागद पाहिला. तोवर लिलावाचा जाहीरनामा निघालेला होता. त्याने आठ दिवसांत हरकत दाखल केली : बागेत माझा निम्मा हिस्सा आहे, मी कोणाचा जामीन नाही, यंदाच्या फवारणीचा खर्चसुद्धा मीच केला आहे. लिलाव थांबवण्याचा वेगळा अर्जही दिला. आदेश २१ नियम ५९ खाली न्यायालयाला तेवढा अधिकार आहे. लिलाव थांबवता येतो, किंवा लिलाव होऊ देऊन विक्री कायम करणे रोखता येते. अर्जावर ‘म्हणणे यावे’ असा शेरा पडला. म्हणणे येण्यापूर्वी लिलाव झाला, हरकतीच्या तारखेपूर्वी विक्री कायम झाली, विक्री प्रमाणपत्रही दिले गेले.

नियम ५८ च्या परंतुकात (नियमाला जोडलेल्या अपवादात), हरकत घेण्याच्या आधीच मिळकत विकली गेली असेल तर हरकत ऐकू नये असे म्हटले आहे. या माणसाची हरकत विक्रीच्या आधीची होती. तरीही ‘आता विक्री कायम झालेली आहे, अर्जात काही उरत नाही, हवे तर स्वतंत्र दावा करावा’ असे म्हणून तो अर्ज बंद झाला. परंतुकातले ‘आधी’ आणि ‘नंतर’ यांची अदलाबदल झाली आणि ती कोणाच्या लक्षात आली नाही, माझ्याही नाही. त्या मे महिन्यात त्याच्या बागेतल्या आंब्याच्या पेट्या नव्या मालकाच्या नावाने वाशीला गेल्या.

दावा केला असता तर न्याय मिळाला नसता का? कदाचित मिळाला असता, कारण लिलावात ऋणकोचा, म्हणजे कर्जदाराचा, जेवढा हक्क असतो तेवढाच विकला जातो. पण त्याला किती वर्षे लागली असती हे मी आपल्याला सांगायला नको. शिवाय लिलावात घेणारा त्रयस्थ आणि प्रामाणिक असेल तर त्याला संरक्षण आहे. जनक राज विरुद्ध गुरदयाल सिंग या सर्वोच्च न्यायालयाच्या निकालात, लिलावानंतर मूळ हुकूमनामाच रद्द झाला तरी त्रयस्थाची खरेदी कायम करावी असे ठरले. त्यामागचे कारण मला पटते, कारण तसे नसेल तर न्यायालयाच्या लिलावात बोली लावायला कोणी येणार नाही. मात्र त्याच कारणासाठी हरकतीचा निर्णय लिलावाच्या आधी व्हायला हवा, कारण नंतरच्या निर्णयाने गेलेली वस्तू परत येण्याची खात्री नसते.

सहकारी पतसंस्थांच्या वसुलीत हीच गोष्ट वेगळ्या वाटेने घडते. महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम, १९६० च्या कलम १०१ खाली वसुली दाखला मिळतो, त्यावर वसुली अधिकारी जप्ती आणतो. दाखल्याविरुद्ध कलम १५४ खाली पुनरीक्षण (वरच्या अधिकाऱ्याकडून फेरतपासणी) मागायचे तर वसुलीयोग्य रकमेच्या ५० टक्के आधी भरावे लागतात. ज्याच्याकडे ती रक्कम असती त्याच्यावर जप्ती आली असती का, हा प्रश्न मी इथे फक्त विचारून ठेवतो. ती रक्कम उभी होईपर्यंत लिलावाची तारीख निघून गेलेली असते, आणि मग पुनरीक्षण दाखल झाले तरी ते कशाविरुद्ध चालवायचे हा प्रश्न.

केंद्राच्या कायद्यांत तात्पुरत्या जप्तीला मुदती आहेत. धनशोधन प्रतिबंधक कायद्यात १८० दिवस, वस्तू व सेवा कर कायद्याच्या कलम ८३ खाली एक वर्ष. या मुदती नागरिकाच्या संरक्षणासाठी आहेत, पण हरकतदारासाठी त्या दुधारी ठरतात : मुदत संपली की हुकूम संपला म्हणून याचिका निरर्थक, आणि मुदतीतच वरच्या प्राधिकरणाने जप्ती पक्की केली की जुना हुकूम नव्यात विलीन झाला म्हणून याचिका निरर्थक, ‘योग्य त्या ठिकाणी दाद मागण्याची मुभा ठेवून’. करविषयक तात्पुरती जप्ती किती जाचक असते हे २०२१ च्या राधा कृष्ण इंडस्ट्रीज निकालात सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट शब्दांत सांगितले. तिथे निकाल लागला म्हणून ते सांगता आले. खाते गोठलेले असताना पगार, डिझेल आणि बर्फाची बिले थकलेल्या एखाद्या मासळी निर्यातदाराची याचिका वर्षभर बोर्डावर येऊन शेवटी मुभेवर संपली, तर त्याच्यापुरते ते तत्त्व पुस्तकातच राहते.

आता माझ्या विरुद्ध जाणारी गोष्टही सांगतो, कारण नाझराच्या खुर्चीत बसलेल्याला ती नाकारता येणार नाही. हरकती सगळ्याच खऱ्या नसतात. जप्ती आली की मेव्हणा उभा राहतो, बायको उभी राहते, मागच्या तारखेचा करारनामा निघतो, आणि ट्रॅक्टर कधीच आपला नव्हता असे ऋणको शपथेवर सांगतो. असल्या हरकती केवळ वेळ काढण्यासाठी असतात आणि त्यांनीच हरकत या शब्दाची किंमत घालवली आहे. न्यायाधीश हरकतीकडे संशयाने पाहतात त्याला तेच कारण आहे. पण अशी हरकत निरर्थक म्हणून बंद होते तेव्हा तो खोटे बोलणाराही सुटतोच. खोट्या हरकतीबद्दल कलम ३५अ खाली भरपाई लावता येते, तीही फक्त ३,००० रुपयांपर्यंत, आणि ती लावण्यासाठीसुद्धा हरकत खोटी होती असा निष्कर्ष लागतो. निर्णय न देण्याने खोट्या धनकोची आणि खोट्या हरकतदाराची दोघांचीही सोय होते. गैरसोय होते ती नौकामालकासारख्यांची, ज्यांना फक्त एक निर्णय हवा असतो, मग तो विरुद्ध गेला तरी चालेल.

म्हणून माझी विनंती फार मोठी नाही. संहितेच्या कलम १२२ खाली प्रक्रियेचे नियम करण्याचा अधिकार आपल्या उच्च न्यायालयाला आहे, आणि त्याहून हलका उपाय म्हणून परिपत्रक काढून सिव्हिल मॅन्युअलमध्ये (दिवाणी न्यायालयांच्या कामकाजाच्या नियमपुस्तिकेत) भर घालता येते. जप्तीवरची हरकत दाखल झाली की तिच्यावर वेगळी खूण असावी, आणि जप्त वस्तू नौका, इंजिन, उभे पीक, फळबाग किंवा धंद्याचे साधन असेल तर पहिली सुनावणी सात दिवसांच्या आत लागावी. ‘म्हणणे यावे’ या शेऱ्यावर एकच मुदत मिळावी. ती चुकल्यास म्हणण्याशिवाय ऐकावे. हरकत प्रलंबित असताना लिलाव झालाच, तर हरकतीचा निर्णय झाल्याशिवाय विक्री कायम करू नये. हा अधिकार नियम ५९ मध्ये आहेच, तो ऐच्छिक आहे तेवढा नेहमीचा व्हावा. नौका अडकवायचीच असेल तर तिला धंद्यावर जाऊ द्यावे आणि तिच्या विक्रीला मनाई करावी. परवाना आणि नोंदणी मत्स्यव्यवसाय विभागाकडे असते, तिथे हुकुमाची प्रत गेली की नौका हस्तांतरित होऊ शकत नाही. धनकोची सुरक्षितता तेवढ्याने भागते. नौका खिळून ठेवल्याने त्याच्या सुरक्षिततेत वाढ होत नाही, उलट जप्त वस्तूची किंमतच घटते.

आणि मुख्य म्हणजे, जप्तीवरचा कोणताही अर्ज निरर्थक म्हणून निकाली काढण्यापूर्वी न्यायाधीशांनी हरकतदाराला एक प्रश्न विचारावा, आणि त्याचे उत्तर रोजनाम्यात नोंदवावे : जप्ती कायदेशीर होती की नाही, यावर निर्णय हवा आहे का? तो ‘नाही’ म्हणाला तर अर्ज बंद करावा. दहांपैकी सात-आठ जण नाहीच म्हणतील असा माझा अंदाज आहे. तो ‘हो’ म्हणाला तर तेवढ्याच मुद्द्यावर, आधीच्याच कागदांवर, दोन पानांचा निर्णय द्यावा. लोकअदालतीच्या पुरसिशीतही हा मुद्दा पक्षकाराला समजावून सांगितल्याशिवाय ‘कोणतीही तक्रार राहिलेली नाही’ हे छापील वाक्य त्याच्या सहीखाली जाऊ नये. कलम ९५ च्या ५०,००० रुपयांची मर्यादा उच्च न्यायालयाच्या हातात नाही, याची मला जाणीव आहे. दिवाणी प्रक्रिया समवर्ती सूचीत आहे, राज्याला सुधारणा करता येते. म्हणून या पत्राची एक प्रत राज्याच्या विधी व न्याय विभागाकडे पाठवीत आहे. १९९९ साली ठरलेल्या रकमेत आज नौकेच्या एका सफरीचे डिझेल आणि बर्फ भागवणेही कठीण झाले आहे.

हे आताच लिहिण्याचे कारण असे की, १८ ऑगस्ट २०२५ पासून रत्नागिरी आणि सिंधुदुर्गाची प्रकरणे कोल्हापूरच्या सर्किट बेंचपुढे चालू लागली. पूर्वी जप्तीविरुद्ध उच्च न्यायालयात जायचे तर रात्रीच्या गाडीने मुंबई गाठावी लागे, तिथला वकील, तिथला मुक्काम, आणि बोर्डावर नंबर न लागल्यास पुन्हा तेच. आता आंबा घाट किंवा फोंडा घाट चढून सकाळी जाऊन रात्री परत येता येते. रायगडच्या लोकांना अजून मुंबईच आहे, तो प्रश्न वेगळा. अंतर कमी झाल्याने अर्ज लवकर येतील. लवकर आलेल्या अर्जाचा निर्णय वस्तू शाबूत असेपर्यंत व्हावा, यासाठी नव्या बेंचला सुरुवातीपासूनच शिस्त लावता येईल. रूढी पडून गेल्यावर ती मोडणे किती कठीण असते, हे ती रूढी हाताने लिहिलेला माणूस सांगत आहे.

तो नौकामालक आता दुसऱ्याच्या नौकेवर तांडेल (नौका हाकणारा) म्हणून जातो. बंदी उठून नौका दर्यात गेल्या त्या आठवड्यात मला जेटीवर भेटला होता. हे पत्र लिहीत असल्याचे मी त्याला सांगितले, तेव्हा त्याने फक्त कोणाला लिहिता एवढे विचारले. पत्र पोहोचले असे त्याला सांगता यावे म्हणून, शक्य झाल्यास याची पोच मिळावी, ही विनंती.

आपला विश्वासू,
एक निवृत्त न्यायालयीन कर्मचारी,
जिल्हा रत्नागिरी

प्रत : मा. प्रधान सचिव, विधी व न्याय विभाग, महाराष्ट्र शासन, मंत्रालय, मुंबई